पिएताचा गानवृंद आणि त्याच्या मायेस्त्रा

व्हेनिसच्या सान मार्को चौकातून पाण्याच्या कडेकडेने पूर्वेला निघाले की थोड्याच वेळात डाव्या हाताला पांढऱ्या दगडाचे सांता मारिया देल्ला पिएता लागते. लोक त्याला विवाल्दीचे चर्च म्हणतात. संगीतकार आन्तोनियो विवाल्दीने हे चर्च पाहिलेले नाही. जॉर्जो मास्सारीच्या आराखड्यानुसार त्याचे काम १७४५ मध्ये सुरू झाले आणि १७६० मध्ये ते उपासनेसाठी खुले झाले. विवाल्दी १७४१ च्या जुलै महिन्यातच व्हिएन्नात वारला होता. दर्शनी भाग तर १९०६ मध्ये पुरा झाला. चर्चच्या नावाचे एक वेळ सोडून देऊ. पण हे चर्च ज्या संस्थेचे, त्या ओस्पेदाले देल्ला पिएताच्या गानवृंदालाही जग विवाल्दीचाच वृंद म्हणते, आणि तिथे मात्र मला हरकत घ्यायची आहे. महिला वृंदगानाला वाहिलेल्या या स्मरणिकेत पिएताचा इतिहास यायचा, तर तो वृंद ज्या बायकांनी शिकवला आणि चालवला त्यांच्या बाजूने यायला हवा.

संस्थेची स्थापना १३४६ ची. पिएत्रो नावाचा असीसीचा एक फ्रान्सिस्कन साधू व्हेनिसमध्ये टाकून दिलेल्या बाळांसाठी दारोदार मदत मागत फिरे. त्याने ही बाळे ठेवण्यासाठी घरे मिळवली आणि पिएता उभी राहिली. बाळ आणून ठेवण्यासाठी भिंतीत एक कोनाडा होता. त्याला स्काफेत्ता म्हणत. बाळ ठेवणाऱ्याचा चेहरा आतल्यांना दिसत नसे. चर्चच्या बाजूच्या गल्लीत १५४८ सालची एक शिळा आजही भिंतीत आहे. ऐपत असून पोटचे मूल इथे टाकून जाणाऱ्या आईबापांना तीत धर्मबहिष्काराचा शाप दिलेला आहे. शापाला कोण भीत होते कोण जाणे. बाळे येतच राहिली. कित्येक बाळांसोबत कापलेल्या पदकाचा किंवा चित्राचा अर्धा तुकडा असे. उरलेला अर्धा आईकडे, कधी दिवस पालटले तर ओळख पटावी म्हणून. संस्था आपल्या बाजूने बाळाच्या अंगावर पिएताच्या पहिल्या अक्षराची खूण डागून घेई.

मुलगे वयात आले की सुतार, विणकर, खलाशी यांच्या हाताखाली धाडले जात आणि संस्थेतून बाहेर पडत. मुलींना तीनच वाटा होत्या: लग्न, मठ, नाहीतर जन्मभर पिएता. बहुतेकींच्या वाट्याला तिसरीच आली. गानवृंदाची सगळी गोष्ट त्या तिसऱ्या वाटेवर घडली. इथे एक गैरसमज दूर करायला हवा, कारण परदेशी प्रवाशांनी तो खूप पसरवला आहे. पिएताच्या मुली जोगिणी नव्हत्या. आपल्या जुन्या गोव्यात १६०६ मध्ये स्थापन झालेल्या सांता मोनिका मठातल्या स्त्रियाही प्रार्थना एकत्र गात, पण त्यांनी व्रत घेतलेले होते. पिएताच्या मुलींनी कसलेच व्रत घेतले नव्हते. त्या संस्थेच्या आश्रित होत्या, इतकेच.

व्हेनिसमध्ये अशा चार संस्था होत्या: पिएता, मेन्दिकान्ती, इन्कुराबिली आणि ओस्पेदालेत्तो या नावाने ओळखली जाणारी देरेलित्ती. एक टाकलेल्या बाळांसाठी, बाकीच्या भिकारी, असाध्य रोगी आणि निराधारांसाठी. चौघींनीही आपल्या मुलींना संगीत शिकवले. सुरुवातीला हेतू साधाच होता, चर्चमध्ये प्रार्थनेला गाणे हवे. पण गाणे चांगले झाले तसे लोक ऐकायला येऊ लागले, बसायला खुर्च्या भाड्याने घेऊ लागले, मृत्युपत्रांत संस्थेच्या नावे रकमा ठेवू लागले. सतराव्या शतकाच्या अखेरीस या चार चर्चांतली संध्याकाळची प्रार्थना ऐकल्यावाचून युरोपातला कोणी सुखवस्तू प्रवासी व्हेनिस सोडत नसे. चर्चमध्ये टाळ्या वाजवायची बंदी होती, म्हणून लोक पसंतीची पावती खोकून, नाके शिंकरून आणि खुर्च्या सरकवून देत. आणि या गाण्यावर बाळांच्या दुधाचा आणि दायांच्या पगाराचा खर्च काही अंशी निघे. हे लक्षात ठेवले तरच पिएताच्या कारभाऱ्यांचे संगीतावरचे बारीक लक्ष समजते.

आता वृंदाची रचना. पिएताच्या सगळ्या मुली वृंदात नसत. संस्थेच्या यादीत लहानथोर मिळून शेकडो जीव असत, त्यांतल्या बहुतेक शिवण, लेस, धुलाई, स्वयंपाक यांत. आवाज आणि कान पारखून निवडलेल्या मुली फिल्ये दी कोरो, म्हणजे वृंदाच्या मुली. अठराव्या शतकात एका कार्यक्रमाला साधारण चाळीसजणी असत. आडनाव कोणालाच नव्हते. नावापुढे वाद्य किंवा आवाज लागे: आन्ना मारिया व्हायोलिनची, पेलेग्रीना ओबोची, प्रुदेन्त्सा कॉन्ट्राल्टोची, पाउलीना टेनरची. ज्यांना कुळ नाही त्यांना कलेने नाव दिले, आणि त्या नावांनी त्या दफ्तरांत, प्रवासवर्णनांत, संगीताच्या हस्तलिखितांत टिकून राहिल्या. बाहेर कुलीन घरांत जन्मलेल्या त्यांच्या वयाच्या किती मुलींची नावे आज सापडतात?

शिकवण्याची साखळी आतच होती. लहान मुलगी आधी स्वरवाचन शिके, मग आवाज किंवा वाद्य ठरे, आणि तिला एका मोठ्या मुलीच्या हाताखाली दिले जाई. ती मोठी मुलगी स्वतः अजून एका ज्येष्ठ बाईकडे शिकत असे. पुरती तयार झालेली मुलगी चाळिशीपर्यंत प्रार्थनेत गाई-वाजवी आणि सोबत धाकट्यांना शिकवी. चाळिशीनंतर गाण्यातून निवृत्ती मिळे, शिकवण्यातून क्वचितच. सगळ्यांच्या वर मायेस्त्रा दी कोरो, म्हणजे वृंदप्रमुख. ती याच मुलींमधून वर आलेली असे. तालमी तिच्या, कोणता भाग कोणाला द्यायचा हे तिच्या सल्ल्याने, शिस्त तिची, कारभाऱ्यांपुढे मुलींची गाऱ्हाणी मांडणारी तीच. वृंदाच्या मुलींना इतरांपेक्षा चांगले जेवण मिळे, हिवाळ्यात जास्तीचे सरपण मिळे. निवडक मुलींना बाहेरच्या घरांतल्या मुली शुल्क घेऊन शिकवायची मुभा होती, आणि ती कमाई त्यांची स्वतःची असे. अठराव्या शतकातल्या बाईजवळ स्वकमाईचा पैसा असणे ही लहान गोष्ट नव्हती.

पुरुष शिक्षक होते, आणि थोर होते. पण त्यांची नोकरी कशी होती ते पाहण्यासारखे आहे. कारभारी मंडळ दर वर्षी मतदान घेई, बहुमत मिळाले तर पुढचे वर्ष. १७०१ मध्ये फ्रान्चेस्को गास्पारीनी वृंदाचा माएस्त्रो, म्हणजे संगीतप्रमुख, म्हणून आला. १७०३ मध्ये नुकतीच धर्मदीक्षा घेतलेला पंचविशीतला आन्तोनियो विवाल्दी व्हायोलिन शिकवायला नेमला गेला, वर्षाला ६० डुकाट पगारावर. १७०९ मध्ये मते विरोधात गेली आणि त्याची नोकरी गेली. १७११ मध्ये त्याला परत बोलावले. पुढेही त्याचे येणे-जाणे चालूच राहिले. १७२३ मध्ये तर त्याच्याशी केवळ रचनांचा करार झाला: महिन्याला दोन कॉन्चेर्तो द्यायचे, आणि व्हेनिसमध्ये असेल तेव्हा त्यांच्या तीन-चार तालमी स्वतः घ्यायच्या.

माझ्या दृष्टीने या संस्थेच्या इतिहासातली सर्वांत बोलकी वर्षे १७१३ ते १७१९ ही आहेत. गास्पारीनी १७१३ मध्ये रजेवर गेला आणि परतला नाही. त्याच्या जागी कार्लो पिएत्राग्रुआची नेमणूक व्हायला १७१९ उजाडले. सहा वर्षे पिएताला वृंदाचा माएस्त्रो नव्हता. विवाल्दी या काळात धार्मिक रचना लिहून देत होता, त्याबद्दल त्याला वेगळे पैसेही मिळाले. पण रोज सकाळी मुलींना स्वरांवर बसवणे, नव्या रचनेचे भाग उतरवून वाटणे, सणांच्या आधीच्या तालमी, प्रत्यक्ष प्रार्थनेत सगळ्यांना एकत्र धरून ठेवणे हे थांबले नाही. प्रवाशांच्या कौतुकात खंड पडला नाही. ते काम ज्या बायकांनी केले त्यांच्यासाठी हे नवे नव्हते, माएस्त्रो हजर असतानाही तेच काम त्यांच्याकडे होते.

याच वर्षांतली सर्वांत मोठी कामगिरी म्हणजे १७१६ ची युदिता त्रिउम्फान्स. त्या उन्हाळ्यात कोर्फू बेटाला तुर्की आरमाराने घातलेला वेढा उठला होता आणि व्हेनिसला विजयाचे गाणे हवे होते. विवाल्दीने बायबलमधल्या ज्युडिथच्या कथेवर लॅटिन भाषेतले हे ओरातोरियो लिहिले. त्यात पाच पात्रे: युदिता, तिची दासी आब्रा, सेनापती होलोफेर्नेस, त्याचा सेवक वागाउस आणि धर्मगुरू ओझियास. पाचही भूमिका पिएताच्या मुलींनी गायल्या. युदिता कातेरीना, होलोफेर्नेस आपोलोनिया. वाद्यमेळही मुलींचाच, आणि विवाल्दीने त्यात मॅन्डोलिन, थिऑर्बो, शाल्युमो, व्हिओला द'आमोरे अशी दुर्मिळ वाद्ये खुल्या हाताने घातली, कारण ती वाजवणाऱ्या मुली तिथे होत्या. रचनाकार जितका धीट होतो तितका तो समोरच्या वृंदाच्या तयारीवर विसंबून असतो. विवाल्दीच्या या काळातल्या धीटपणाचे निम्मे श्रेय मी त्या शिकवणाऱ्या बायकांना देईन.

मुली वरच्या सज्ज्यांत, लोखंडी जाळीआड गात. खालच्यांना आकृत्यांच्या सावल्या दिसत. त्यामुळे ऐकणाऱ्यांनी भरभरून लिहिले ते आवाजांबद्दल, आणि मग न दिसलेल्या चेहऱ्यांबद्दल. तत्त्वज्ञ रूसो १७४३-४४ मध्ये व्हेनिसमध्ये होता आणि मेन्दिकान्तीत नेमाने जाई. जाळीमागे अप्सरा असणार असे त्याने मनाशी धरले होते. भेटीचा योग आला तेव्हा कोणाच्या तोंडावर देवीचे वण, कोणाला एकच डोळा. तो खट्टू झाला, मग त्यांच्या बोलण्यावागण्याने पुन्हा खूश झाला, आणि हे सगळे त्याने आत्मकथेत लिहून ठेवले. वृंद कोण चालवत होते हे मात्र त्याने लिहिले नाही.

ते लिहिले एका फ्रेंच माणसाने. शार्ल द ब्रॉस १७३९ मध्ये व्हेनिसला आला. आपल्या पत्रात तो सांगतो की इथे व्हायोलिनपासून बासूनपर्यंत कोणत्याही आकाराचे वाद्य या मुलींना भीती घालत नाही, आणि पांढऱ्या पोशाखातली, कानावर डाळिंबाच्या फुलांचा झुबका खोवलेली एक तरुणी सगळ्या वाद्यमेळाचे नेतृत्व करत अचूक ताल देते, याहून देखणे काही नाही. तोही तिला जोगीणच समजला. पण त्याने पाहिले ते नीट पाहिले. हातात छडी घेऊन समोर उभा राहणारा संचालक ही पुढच्या शतकातली गोष्ट. तेव्हा वृंद चाले तो हाताने किंवा कागदाच्या गुंडाळीने दिलेल्या तालावर, पहिल्या व्हायोलिनच्या गजाच्या इशाऱ्यावर, नाहीतर हार्पसिकॉर्ड-ऑर्गनवरून. तिन्ही जागा या चार संस्थांमध्ये बायकांकडे होत्या. इंग्रज संगीत-इतिहासकार चार्ल्स बर्नी १७७० च्या ऑगस्टमध्ये मेन्दिकान्तीत गेला. मुलींनी त्याच्यासाठी खाजगी मैफल केली, तीही जाळीविना. पहिले व्हायोलिन ग्रीक वंशाच्या आन्तोनिया कुब्लीकडे होते, हार्पसिकॉर्डवर वृंदाची मायेस्त्रा फ्रान्चेस्का रोस्सी. हॉर्न आणि डबल बेससुद्धा बायकाच वाजवत होत्या, याची त्याने आवर्जून नोंद केली.

वृंदगान करणाऱ्या आपल्यासारख्यांना सगळ्यांत कुतूहल वाटते ते खालच्या आवाजांचे. विवाल्दीने पिएतासाठी लिहिलेल्या रचना चार आवाजांच्या आहेत: सोप्रानो, आल्टो, टेनर, बेस. त्याची जगप्रसिद्ध ग्लोरिया ही स्तुतिरचनाही तशीच. पिएताच्या वृंदात पुरुष नव्हते. मग टेनर आणि बेस कोण गात होते? अभ्यासकांत दोन मते आहेत. एक म्हणते, बेसचा भाग मुली एक सप्तक वर गात आणि खालचा स्वर चेल्लो, डबल बेस, ऑर्गन सांभाळत. विवाल्दी गाण्यातल्या बेसबरोबर वाद्यांचा बेस बहुधा चालवतोच, त्यामुळे रचना कोसळत नाही. दुसरे म्हणते, दफ्तरांत आन्नेता बेसची, पाउलीना टेनरची अशा नोंदी आहेत, तेव्हा काही मुली खरोखर तितक्या खाली गात होत्या. मला वाटते दोन्ही घडत असावे, हाताशी असलेल्या आवाजांप्रमाणे. ज्यांनी गंगूबाई हनगल ऐकल्या आहेत त्यांना बाईच्या गळ्यातल्या खर्जाचे नवल वाटणार नाही.

या प्रश्नात वृंद चालवणाऱ्या बाईसाठी एक रोजची अडचण दडलेली आहे. आपल्याकडच्या समूहगानात आणि भजनी मंडळांत सगळ्याजणी एकाच पट्टीत एकच चाल गातात. पट्टी बहुधा उंच आवाजांच्या सोयीची, काळी चार किंवा पाच. खालच्या आवाजाच्या बाया मग तार सप्तकात ओढाताण करतात, नाहीतर हळूच ओठ हलवून वेळ निभावतात, आणि वर्षभरात माझा आवाजच नाही असे म्हणून बसतात. पिएतात खालचा आवाज हे वैगुण्य नव्हते, ते पद होते. तशा आवाजाची मुलगी सापडली की तिच्या नावापुढे टेनर लागे आणि तिला तिचा स्वतःचा भाग मिळे. कोणत्या मुलीचा आवाज कुठे सुखाने बसतो हे ओळखणारा कान मायेस्त्राचा असे. कारण ती त्या मुलीला आठव्या-नवव्या वर्षापासून ऐकत आलेली असे, आणि पुरुष शिक्षक येत तोवर ही पारख होऊन गेलेली असे.

आन्ना मारियाचे नाव घेतल्याशिवाय पुढे जाता येत नाही. ती १६९६ च्या सुमारास जन्मली, तान्हेपणी पिएतात आली. विवाल्दीकडे ती व्हायोलिन शिकली. तिच्यासाठी वाद्य घ्यायला कारभाऱ्यांनी १७१२ मध्ये २० डुकाट मंजूर केले. व्हायोलिनखेरीज चेल्लो, ल्यूट, मॅन्डोलिन, व्हिओला द'आमोरे, हार्पसिकॉर्ड ही वाद्ये ती वाजवी. पुढे ती मायेस्त्रा झाली. तिची सुरावटींची वही व्हेनिसच्या संगीत-विद्यालयात जपलेली आहे. तीत अनेक कॉन्चेर्तोंचे फक्त व्हायोलिनचे भाग आहेत, विवाल्दीचे पुष्कळ. १७८२ मध्ये ती पिएतातच वारली. विवाल्दी जाऊन तेव्हा एकेचाळीस वर्षे झाली होती, आणि त्यातला मोठा काळ तिने त्याची विद्या पुढच्या मुलींच्या हातांत घातली होती. त्यांतली एक कियारा. १७१८ मध्ये दोन महिन्यांची असताना ती आली, आन्ना मारियाकडे शिकली, स्वतः मायेस्त्रा झाली, १७९१ मध्ये गेली. तिचीही वही आहे. आगाता, मिकिएलीना, सान्ता यांनी प्रार्थनेसाठी स्वतः रचनाही केल्या.

हे सारे सांगताना किंमत लपवू नये. या बायकांची कीर्ती युरोपभर होती आणि पाऊल संस्थेच्या उंबऱ्याबाहेर परवानगीविना पडत नव्हते. लग्न करून जाणाऱ्या मुलीला हुंडा मिळे, पण यापुढे लोकांसमोर गाणार-वाजवणार नाही, अशी कबुली द्यावी लागे. इतकी विद्या अंगी असलेल्या मुलीला असा सौदा करायला लावणे अन्यायाचे होते, आणि कारभाऱ्यांना त्याची टोचणी लागल्याचे दिसत नाही. मेन्दिकान्तीची माद्दालेना लोम्बार्दीनी यातून निसटली. थोर व्हायोलिनवादक तार्तीनीने १७६० मध्ये तिला गज कसा चालवावा हे समजावणारे पत्र लिहिले. ते पुढे छापले गेले आणि व्हायोलिन शिकणारे आजही ते वाचतात. १७६७ मध्ये तिने लुदोविको सिर्मेन या व्हायोलिनवादकाशी लग्न केले, दोघे दौऱ्यावर निघाले, आणि १७७१ मध्ये लंडनमध्ये तिने स्वतःचे कॉन्चेर्तो स्वतः वाजवले.

उतरती कळा पैशांनी आणली. इन्कुराबिलीचे १७७७ मध्ये दिवाळे निघाले, बाकीच्याही खंगल्या. १७९७ च्या मे महिन्यात नेपोलियनपुढे व्हेनिसचे प्रजासत्ताक संपले. पिएता सर्वांत जास्त टिकली. बोनाव्हेन्तुरा फुर्लानेत्तो १८१७ पर्यंत तिथे माएस्त्रो होता, पण जुना डौल परत आला नाही. मुलांसाठीचे काम चालू राहिले, माता-बालकांसाठी संस्था आजही ते करते.

विवाल्दीची हस्तलिखिते १९२६ नंतर तुरीनच्या ग्रंथालयाच्या हाती लागली. ती विकत घेण्यासाठी रोबेर्तो फोआ आणि फिलिप्पो जोर्दानो यांनी पैसे दिले. दोघांचेही लहान मुलगे वारले होते, मावरो आणि रेन्त्सो. संग्रहांना त्या बाळांची नावे आहेत. त्या हस्तलिखितांतली ग्लोरिया सिएनात १९३९ मध्ये पुन्हा गायली गेली आणि जगभरच्या स्त्री-पुरुष मिश्र वृंदांनी तिला आपलेसे केले. पिएतात ती फक्त बायकांनी गायली होती याचा बहुतेकांना विसर पडला. अलीकडे ऑक्सफर्डमध्ये रिचर्ड व्हेंडोम यांनी निव्वळ स्त्रियांचा वृंद उभारून ती मूळ स्वरांत, चारही भागांनिशी गाऊन घेतली आणि बीबीसीने पिएताच्या चर्चमध्ये तिचे चित्रीकरण केले. टेनर आणि बेसच्या रांगेत उभ्या असलेल्या त्या बायका आपापला भाग लिहिला आहे तिथेच, एक सप्तक वर न नेता गातात.